पाटी कोरी करायची, पण कुणाच्या हातानं? एका वाक्प्रचाराचा अर्थ आणि वापर

शाळा उघडायचा आठवडा आणि पेरणीचा आठवडा आमच्याकडे बहुतेक एकच येतो. उन्हामुळे विदर्भातल्या शाळा बाकी महाराष्ट्रापेक्षा उशिरा, जूनच्या शेवटाला उघडतात. तोवर मृग बरसला असेल तर निम्मी पोरं सरकी लावायला वावरात गेलेली असतात. अशाच एका पहिल्या आठवड्यात मी आठवीच्या वर्गाला ‘पाटी कोरी’ हे शब्द घेऊन एकेक वाक्य लिहायला सांगितलं. एका मुलीनं लिहिलं, ‘माझ्या बाबांची पाटी कोरी आहे, कारण त्यांनी सोसायटीचं सगळं कर्ज भरलं.’

तिला अभिमानाची गोष्ट सांगायची होती. वाक्य मात्र सांगत होतं की बाबांना काहीच येत नाही. शब्द बरोबर, भावना बरोबर, एका ‘आहे’नं सगळं उलटं झालं. त्या दिवशी फळ्यावर जे समजावलं आणि पुढे गावातल्या लोकांना पत्रं, भाषणं लिहून देताना जे मला स्वतःला उमगत गेलं, ते इथे क्रमानं मांडतो.

आधी पाटी बघा

ज्यांनी दगडी पाटीवर अक्षरं गिरवली त्यांना हे सांगायला नको, पण आताच्या पोरांना दाखवावं लागतं. म्हणून लाकडी चौकटीची एक जुनी पाटी मी अजून कपाटात ठेवली आहे. कोरड्या हातानं पुसली तर अक्षर जात नाही, पांढरं फासलं जातं. ओल्या फडक्यानं पुसली की पाटी काळीभोर होते आणि वाटतं, झालं. मग ती वाळते, आणि वाळता वाळता मघाचं ‘क’ आणि मघाचा पाढा फिकट होऊन परत वर येतो. दुसऱ्यांदा धुवावी लागते. आणि लेखणीत खडा निघाला असेल, तर त्याचा ओरखडा कितीही धुतलं तरी राहतो. उजेडाकडे तिरपी धरली की दिसतो. त्या ओरखड्यावरूनही नवं अक्षर काढता येतं, एवढंच.

‘कोरा’ हा शब्दही नीट हाताळून बघण्यासारखा आहे. कोरं लुगडं म्हणजे घडी न मोडलेलं, पाण्यात न घातलेलं. कोरी नोट म्हणजे हात न लागलेली. कोरा चहा म्हणजे दूध न पडलेला. सगळीकडे अर्थ एकच, अजून काही लागलेलं नाही. पाटी तेवढी वेगळी, कारण ती वापरून झाल्यावरही परत कोरी करता येते. कागदाचं तसं नाही. म्हणून ‘पाटी कोरी करू’ असं आपण म्हणतो, ‘कागद कोरा करू’ असं कुणी म्हणत नाही.

यातूनच वाक्प्रचाराचा अर्थ निघतो. मागचा राग, चूक, हिशोब किंवा अपयश यापुढे मोजायचं नाही असं ठरवून त्याच माणसांबरोबर, त्याच जागी नव्यानं सुरू करणं. विसरणं वेगळं, न मोजणं वेगळं. ओरखडा दिसत असला तरी त्यावरून भांडायचं नाही, असा हा करार आहे.

पहिली पायरी : सुरुवातीच्या आधी काय होतं?

नव्या सुरुवातीसाठी मराठीत शब्दांची कमी नाही, आणि म्हणूनच गफलत होते. वाक्य लिहिण्याआधी एकच प्रश्न विचारायचा, याच्या आधी काय होतं?

आधी काहीच नव्हतं, पहिल्यांदाच सुरू होतंय, तर ‘श्रीगणेशा’. पोथी ‘श्रीगणेशाय नमः’नं उघडते, मुलाची धूळपाटीही त्याच अक्षरांनी सुरू व्हायची, त्यावरून हा शब्द आला. ‘ओनामा’ त्याच घरचा. तो ‘ॐ नमः सिद्धम्’वरून आला, लहान मुलांना शिकवताना त्याचंच ‘ओनामासिधं’ व्हायचं. गावात पहिल्यांदा ठिबक बसवणारा माणूस ठिबकाचा श्रीगणेशा करतो. तो पाटी कोरी करत नाही, त्याच्या पाटीवर काही नव्हतंच.

आधी चांगलं चालू होतं, मध्येच थांबलं, आता परत सुरू करायचं आहे, तर ‘पुनश्च हरिओम’. वेदपाठ ‘हरिः ॐ’ म्हणून सुरू होतो, खंड पडला की परत तेच म्हणून पुढे जायचं. हे शब्द घराघरात गेले ते लोकमान्य टिळकांमुळे. 1897 साली राजद्रोहाच्या खटल्यात त्यांना शिक्षा झाली, 1898 मध्ये ते सुटले, आणि 1899 मध्ये त्यांनी ‘केसरी’त ‘पुनश्च हरिः ॐ’ हा अग्रलेख लिहिला. 2020 साली टाळेबंदी हळूहळू उठवताना राज्य सरकारनंही हेच शब्द वापरले. दोन्हीकडे बघा, मागचं पुसायचं नव्हतं. थांबलेलं होतं, ते पुढे न्यायचं होतं. तुरुंगातून आलेल्या टिळकांनी ‘पाटी कोरी करतो’ म्हटलं असतं तर आधीचं लिहिलेलं मागे घेतल्यासारखं झालं असतं.

माणसंच बदलली असतील तर ‘नवा गडी, नवं राज्य’. इथलं राज्य राजाचं नव्हे, पोरांच्या खेळातलं आहे. ‘तुझ्यावर राज्य’ म्हणतात, तेच. ग्रामपंचायतीत नवं मंडळ आलं की हे चपखल बसतं.

आणि आधी काहीतरी लिहिलेलं होतं, तेही नको असलेलं, तेव्हाच पाटी कोरी. भांडण, अबोला, नापास होणं, बुडालेला धंदा, मोडलेला शब्द. ‘आमच्या गटानं पाटी कोरी करून कुरडयांचा व्यवसाय सुरू केला’ असं कुणी भाषणात म्हणालं की ऐकणारा लगेच मनात विचारतो, आधी काय बिघडलं होतं? काही बिघडलेलं नसेल तर हा शब्द उगाच संशय पेरतो.

दुसरी पायरी : पुसणारा कोण?

हा सगळ्यात महत्त्वाचा भाग आहे. शब्दकोशात तो सापडणार नाही, म्हणून थोडा थांबून सांगतो.

आमच्या गावात दोन चुलत भावांचा धुऱ्यावरून, म्हणजे दोन वावरांमधल्या बांधावरून, अबोला होता. थोरल्यानं दोन हंगामांत वखर थोडा थोडा पलीकडे नेत धुरा धाकट्याच्या वावरात सरकवला. चार तासांची, म्हणजे वावरातल्या चार ओळींची जागा असेल, जास्त नाही. पण धुरा तो धुराच. पुढे थोरल्याच्या पोरीचं लग्न जमलं, घरचे सगळे मांडवात पाहिजेत, म्हणून तो चारचौघांना घेऊन धाकट्याच्या ओसरीवर गेला आणि म्हणाला, ‘जाऊ दे बापा, आता पाटी कोरी करू.’

धाकटा उठला नाही. बसल्या बसल्या म्हणाला, ‘पाटी माही हाय. पुसाले फडकं तुह्या हाती कोनं देल्लं?’

चारचौघं गप्प झाली. मीही त्यात होतो. इतकी वर्षं भाषा शिकवत होतो, पण हा नियम मला त्या ओसरीवर कळला. ज्याचं नुकसान झालं, ज्याचं येणं आहे, पाटी त्याची. पुसायचा हक्क त्याचा. ज्यानं नुकसान केलं त्यानं स्वतः होऊन ‘पाटी कोरी करू’ म्हटलं, तर ते ‘माझं देणं मी माफ केलं’ म्हटल्यासारखं होतं.

‘झालं गेलं गंगेला मिळालं’चंही असंच आहे. दुखावलेला माणूस हे म्हणतो तेव्हा मोठा वाटतो. दुखावणारा म्हणतो तेव्हा तेच शब्द झोंबतात.

मग चूक आपली असेल तर काय म्हणायचं? आधी चुकीचं नाव घ्यायचं. ‘धुरा मी सरकवला, माझी चूक झाली.’ मग भरपाई कशी करणार ते सांगायचं. आणि पाटीचा शब्द आणायचाच असेल तर विनंती म्हणून आणायचा, ‘तुला पाटी कोरी करता आली तर बरं होईल.’ हा क्रम मोडू नका. नुकसान आपलं झालं असेल तर एक शब्द हाताशी ठेवा : ‘माझ्याकडून’. ‘दादा, माझ्याकडून पाटी कोरी आहे.’ यात समोरच्यानंही लगेच पुसावी अशी सक्ती नाही. मी लोकांना पत्र लिहून देतो तेव्हा हा शब्द आवर्जून घालतो.

चुका दोघांच्याही असतील, तेव्हाच ‘आपण पाटी कोरी करू’ हे ‘आपण’ शोभतं.

तिसरी पायरी : क्रियापद जपून

आता त्या मुलीच्या वाक्याकडे. पाटी तीच, पण क्रियापद बदललं की अर्थ पार बदलतो.

‘पाटी कोरी करणे’ म्हणजे ठरवून, आपण होऊन नवी सुरुवात करणं. यात कर्त्याची इच्छा आहे, म्हणून हे मानाचं.

‘पाटी कोरी होणे’ म्हणजे ते घडलं, कुणी केलं ते स्पष्ट नाही. याचा सूर प्रसंगानं ठरतो. ‘बदली झाली आणि माझी पाटी कोरी झाली’ यात सुटका आहे. ‘गारपिटीनं एका रात्रीत पाटी कोरी झाली’ यात सगळं गेल्याचं दुःख आहे. संत्र्याचा बहार झडलेल्या माणसाला पहिल्या सुरात हे ऐकवू नका.

‘पाटी कोरी असणे’ म्हणजे ज्ञान, अनुभव नसणं. ‘शेअर बाजारात माझी पाटी कोरीच आहे’ असं स्वतःबद्दल म्हटलं तर नम्रता. दुसऱ्याबद्दल म्हटलं तर अपमान. मुलीचं वाक्य इथे फसलं होतं. आणि आता तुम्ही विचाराल, मघाच्या ‘माझ्याकडून पाटी कोरी आहे’चं काय? तिथेही ‘आहे’च आहे की. पण ‘माझी पाटी’ आणि ‘माझ्याकडून पाटी’ यांत फरक आहे. ‘माझी’ म्हटलं की माझ्या डोक्यात काय आहे याबद्दल बोलणं, ‘माझ्याकडून’ म्हटलं की आपल्या दोघांमधल्या हिशोबाबद्दल.

‘पाटी कोरी राहणे’ हे सगळ्यात कडवट. शिकवूनही काही न शिकणं. ‘तीन वर्षं शिकवणीला पाठवलं, पाटी कोरी ती कोरीच.’ पोराच्या तोंडावर हे बोलू नये.

‘मूल म्हणजे कोरी पाटी’ हे वाक्य भाषणांत फार येतं. मी ते वापरत नाही. यवतमाळ जिल्ह्यात झरी-जामणीकडे कोलामी बोलणारी, मेळघाटात कोरकू बोलणारी, गडचिरोलीत गोंडी बोलणारी मुलं पहिलीत येतात. कुठलं पाखरू कुठे घरटं करतं, कोणती भाजी पहिल्या पावसानंतर निघते, मोहाची फुलं कधी वेचायची, हे सगळं त्यांच्या पाटीवर आधीच लिहिलेलं असतं, त्यांच्या भाषेत. आपल्याला ती लिपी वाचता येत नाही म्हणून आपण पाटी कोरी ठरवतो, आणि मग फडकं घेऊन पुसायला लागतो. वऱ्हाडी बोलणाऱ्या पोराला ‘अशुद्ध बोलतो’ म्हणून गप्प करणंही त्यातलंच. इथे पुसायचा हक्क शिक्षकाला नाही. शेजारी जागा आहे, तिथे लिहावं.

सातबारा कोरा : आपल्या मातीतलं रूप

मुलीला खरं तर हे म्हणायचं होतं. ‘बाबांचा सातबारा कोरा झाला.’

गाव नमुना 7 म्हणजे जमीन कुणाच्या हक्काची याचा अभिलेख, नमुना 12 म्हणजे पिकांची नोंद. दोन्ही मिळून सातबारा. खरं पाहिलं तर कुठलाच सातबारा कोरा नसतो. नाव, गट क्रमांक, क्षेत्र, आकार, पीक हे असणारच, आणि असायलाच पाहिजे. कोरा हवा असतो तो ‘इतर हक्क’चा रकाना, जिथे बँकेचा किंवा सोसायटीचा बोजा चढवलेला असतो. कर्ज फिटलं की बँकेकडून बेबाकीचा, म्हणजे काही देणं उरलं नाही याचा, दाखला घ्यायचा, तलाठ्याकडे अर्ज द्यायचा, फेरफार म्हणजे नोंदीतला बदल झाला की बोजा उतरतो. यातली शेवटची पायरी बरेच जण विसरतात, पैसे भरून घरी येतात, आणि पुढचं कर्ज मागायला गेले की जुना बोजा तसाच दिसतो. वाळत्या पाटीवर अक्षर परत वर यावं तसा.

वाक्प्रचार म्हणून ‘सातबारा कोरा’ याचा अर्थ कर्जातून पूर्ण मोकळं होणं, आणि बहुतेक वेळा दुसऱ्याच्या, म्हणजे सरकारच्या हातून. ‘पूर्ण’ या शब्दावर जोर आहे, त्याला इतिहास आहे. 2008 च्या केंद्राच्या कर्जमाफीत संपूर्ण माफी 2 हेक्टरपर्यंतच्या शेतकऱ्यांना होती. आमच्याकडे कोरडवाहू जमीन, सात-आठ एकर असूनही हाती काही न उरणारे पुष्कळ, त्यांना 5 एकरांची ही अट आडवी आली. राज्याच्या 2017 च्या योजनेत मर्यादा दीड लाखाची होती, 2019 च्या योजनेत 2 लाखांची. मर्यादेच्या वरच्या माणसाचा रकाना भरलेलाच राहिला. म्हणून इथला शेतकरी नुसतं ‘कर्जमाफी’ म्हणून थांबत नाही, ‘सातबारा कोरा’ म्हणतो. या शब्दांत अर्धवट पुसलेल्या पाटीचा अनुभव आहे.

वापरताना एवढं पाळा, हा शब्द कर्ज आणि जमीन यांच्याबाहेर ओढू नका. ‘नवरा-बायकोनं सातबारा कोरा केला’ असं लिहिलेलं मी वाचलं आहे. तिथे पाटीच पाहिजे.

आणि त्या मुलीचे बाबा? त्यांनी कर्ज माफ करून घेतलं नव्हतं, भरलं होतं. म्हणून शेवटी आम्ही दोघांनी मिळून वाक्य केलं, ‘बाबांनी सोसायटीचं सगळं कर्ज भरून सातबारा कोरा केला.’ ‘झाला’ नाही, ‘केला’. ते तिनं दोनदा वाचलं आणि वहीत ठळक लिहिलं.

चौथी पायरी : जागा आणि वेळ

घरात, ओट्यावर, भाषणात, पत्रात हा वाक्प्रचार चालतो. अर्जात, ठरावात चालत नाही. ग्रामसभेच्या ठरावात ‘मागील बाकीबाबत पाटी कोरी करण्यात यावी’ असं लिहिलं तर त्याचा अर्थ कुणी काहीही लावेल. तिथे ‘थकबाकी निरंक’ किंवा ‘बेबाक’ हे शब्द आहेत, तेच वापरा.

पैशाच्या गोष्टीत क्रम फार सांभाळा. आधी हिशोब चुकता, मग पाटी. बचत गटाचं पासबुक दोन वर्षं भरलेलं नाही आणि नव्या बैठकीत कुणी ‘मागचं सोडा, पाटी कोरी करू’ म्हणालं, तर बाया बरोबर ओळखतात की काहीतरी झाकायचं आहे. तेच वाक्य हिशोब वाचून दाखवल्यावर, शिल्लक टेबलावर ठेवून म्हटलं तर टाळ्या मिळतात.

वेळेचं म्हणाल तर आपल्याकडे वर्षातच तशा जागा ठेवलेल्या आहेत. पाडव्याला सालदाराचं, म्हणजे वर्षाच्या बोलीवर ठेवलेल्या गड्याचं, साल संपतं आणि नवं ठरतं, तेव्हा मालक-गड्यानं मागची उचल, मागची कुरबूर मिटवून हे म्हणावं. दसऱ्याला सोनं द्यायला घरोघर जायचं, वर्षभर न चढलेली पायरीही त्या दिवशी चढता येते. मयतीच्या घरी मात्र ‘आता पाटी कोरी करून नव्यानं उभे राहा’ असं सांत्वन करू नये. गेलेलं माणूस पाटीवरचं अक्षर नसतं.

थोडक्यात काही खड्डे

‘नारळ फोडणे’ म्हणजे सुरुवात, ‘नारळ देणे’ म्हणजे कामावरून काढणं. सत्काराच्या भाषणात हे उलटं होऊ देऊ नका.

‘त्यानं आयुष्याचं नवं पान उलटलं’ असं अलीकडे पुष्कळ लिहितात. आपल्याकडे पान पोथीचं उलटतं, आणि पुढच्या पानावर तीच कथा पुढे चालू असते. नवी सुरुवात त्यातून निघत नाही.

‘कोरं’ दिसलं की चांगलंच, असंही नाही. कोऱ्या कागदावर अंगठा दिल्यामुळे सावकाराकडे वावर गेलेल्या घरांत ‘कोरा कागद’ हे शब्द भीतीचे आहेत.

सुरुवात टिकली नाही तर ‘ये रे माझ्या मागल्या’ किंवा ‘पुन्हा पहिले पाढे पंचावन्न’. उत्साह ओसरला तर ‘नव्याचे नऊ दिवस’. दारू सोडलेल्या माणसानं परत सुरू केली तर ‘ये रे माझ्या मागल्या’, व्यायामशाळेला चार दिवस जाऊन थांबलेल्याला ‘नव्याचे नऊ दिवस’.

सराव

मी वर्गात हे करून घेतो. एक प्रसंग सांगायचा आणि मुलांनी आधी तीन प्रश्नांची उत्तरं द्यायची. आधी काय होतं, पाटी कुणाची, क्रियापद कोणतं? वाक्य त्यानंतर.

दहावीत नापास झालेला मुलगा परत परीक्षेला बसतो. पाटी त्याची स्वतःची, म्हणून ‘त्यानं पाटी कोरी करून अभ्यासाला सुरुवात केली’. बंद पडलेलं भजनी मंडळ चार वर्षांनी परत टाळ धरतं, तिथे ‘पुनश्च हरिओम’. शिक्षकानं विनाकारण मुलाला मारलं आणि दुसऱ्या दिवशी म्हणाला, ‘चल, पाटी कोरी.’ इथे वर्ग गप्प होतो, आणि मग मागच्या बाकावरून कुणीतरी म्हणतं, ‘सर, पाटी तर पोराची हाय.’

मग मी त्यांना धुऱ्याची उरलेली गोष्ट सांगतो. पोरीच्या लग्नाला धाकटा आला नाही. पण त्या उन्हाळ्यात थोरल्यानं मोजणी आणली, खुणा रोवल्या, आणि वखरणीच्या वेळी आपला वखर चार तास अलीकडे घेतला. कुणाला काही बोलला नाही. दसऱ्याला संध्याकाळी धाकटा आपट्याची पानं घेऊन त्याच्या दारात उभा राहिला. थोरल्याच्या हातावर सोनं ठेवलं, वाकला, आणि म्हणाला, ‘चाल दादा. पाटी कोरी.’

क्रियापद त्यानं लावलंच नाही.